पडद्याचे कोंदण : मानमोडीचे गर्भद्वार आणि अनुकृत खेळांची महिरप

जुन्नर गावाच्या दक्षिणेस असलेल्या मानमोडीच्या डोंगरात लेण्यांचे तीन समूह आहेत. भीमाशंकर, अंबिका आणि भूतलेणी या नावांनी ते ओळखले जातात. यांपैकी भूतलेणी समूहातील चैत्यगृहाचा अंतर्भाग अपुरा राहिलेला आहे. दर्शनी भाग मात्र जुन्नर परिसरातील अत्यंत अलंकृत दर्शनी भागांत गणावा असा आहे. पिंपळपानाकृती मोठी कमान, तिच्या पोटात अर्ध्या उमललेल्या कमळाप्रमाणे मांडलेल्या सात पाकळ्या, मधल्या पाकळीत उभी लक्ष्मी, तिच्या दोन्ही बाजूंस जलाभिषेक करणारे हत्ती आणि त्यांच्याही पलीकडे हात जोडून उभे असलेले उपासक, अशी ही रचना आहे. याच दर्शनी भागावर ब्राह्मी लिपीतील एक लहानसा प्राकृत लेख आहे. चंद नावाच्या यवनाने ‘गभदार’ दान दिले, एवढेच तो सांगतो. गभदार म्हणजे गर्भद्वार, अर्थात लेण्याचा दर्शनी भाग, असा अर्थ अभ्यासकांनी लावला आहे. लेण्याद्रीच्या सहाव्या लेण्यातील लेखात कल्याणच्या सुलसदत्ताने अख्खे चैत्यगृह दिल्याचे नमूद आहे. चंदाचा लेख मात्र आतल्या स्तूपाविषयी, खांबांविषयी अथवा छताविषयी काहीच म्हणत नाही. त्याने दिली ती चौकट.

चौकट वेगळी दान देता येते, म्हणजेच ती वेगळी कल्पिता येते, ही गोष्ट सौंदर्यविचाराच्या दृष्टीने साधी नाही. आतील वस्तू अपुरी असताना तिच्या दाराला स्वतंत्र मोल असू शकते काय, हा प्रश्न मानमोडीच्या त्या शिलालेखाने सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी नकळत उपस्थित करून ठेवला आहे. सांप्रत तोच प्रश्न एका अगदी वेगळ्या, आणि अनेकांना क्षुल्लक वाटेल अशा, क्षेत्रात पुन्हा उभा राहिला आहे. ते क्षेत्र म्हणजे जुने व्हिडिओ खेळ नव्या संगणकावर चालविताना त्यांच्या चित्राभोवती लावल्या जाणाऱ्या शोभिवंत किनारींचे.

या व्यवहाराची थोडी ओळख करून देणे अवश्य आहे. एम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्राचे व्यापार नव्या यंत्रावर घडवून आणणारी आज्ञावली. नाण्यावर चालणाऱ्या खेळयंत्रांचे असे अनुकरण करणारी ‘मेम’ ही प्रणाली निकोला साल्मोरिया या इटालियन प्रोग्रामरने १९९७ साली प्रसिद्ध केली. पुढे अनेक अनुकारक प्रणालींना एका छत्राखाली आणणारी ‘रेट्रोआर्क’सारखी साधने आली. या प्रणालींनी खेळाचे तर्कशास्त्र, त्याचा ध्वनी आणि त्याचे चित्र वाचविले. परंतु चित्र वाचले तरी चित्राचे घर गेले. जुने खेळ चारास तीन या प्रमाणाच्या काचनळीसाठी रचलेले होते, आणि आजचा पडदा सोळास नऊ या प्रमाणाचा असतो. १९२० गुणिले १०८० चित्रबिंदूंच्या पडद्यावर चारास तीनचे चित्र पूर्ण उंचीने मांडले तर ते १४४० बिंदू रुंद होते आणि दोन्ही बाजूंस २४० बिंदूंचे रिकामे पट्टे उरतात. पडद्याचा चतुर्थांश भाग निकामी होतो. ‘पॅक-मॅन’सारखा उभ्या काचनळीचा खेळ असेल तर चित्राची रुंदी केवळ ८१० बिंदू भरते आणि निम्म्याहून अधिक पडदा काळा राहतो. हा काळा अवकाश झाकण्यासाठी अथवा सजविण्यासाठी जी चित्रित किनार लावतात तिला या क्षेत्रातील लोक ‘बेझल’ म्हणतात.

बेझल हा शब्द मुळात जवाहिऱ्यांचा आणि घड्याळजींचा. खडा अथवा काच जिच्यात घट्ट बसते ती कडा, असा त्याचा अर्थ. त्याला मराठीत नेमका प्रतिशब्द आहे, तो म्हणजे कोंदण. तथापि मराठीने या बाबतीत एकाच शब्दावर भागविलेले नाही, आणि येथे तिची श्रीमंती समीक्षेच्या उपयोगी पडते. कोंदण खड्याला धरून ठेवते. ते काढले तर खडा पडतो. प्रभावळ मूर्तीच्या मागे असते आणि मूर्तीच्याच तेजाची आकृती असल्याचा तिचा दावा असतो. महिरप ताटाभोवती रांगोळीने काढतात; ती ताटाला धरीत नाही, त्याचा सन्मान करते. मखर तर दरवर्षी नवे. जुन्नर-आंबेगावकडील घराघरांतून गणपतीसाठी उभारली जाणारी मखरे २०१८ सालच्या थर्माकोलबंदीनंतर कागद, पुठ्ठा आणि कापड यांच्याकडे वळली, म्हणून गणपतीच्या स्थापनेत काही उणे आले नाही. कारण मखराचे साहित्य हे मखराचे सत्त्व नव्हे. चार शब्द, आणि चित्राशी असलेली चौकटीची चार निरनिराळी नाती. पडद्याच्या किनारींविषयी जो घोळ आढळतो तो बहुतेक या चार नात्यांचा एकमेकांशी संकर झाल्यामुळे उद्भवलेला आहे. महिरपीला कोंदण समजले जाते, आणि मखराला प्रभावळीचा मान मागितला जातो.

खऱ्या अर्थाने कोंदण असलेल्या चौकटी या कलेच्या आरंभकाळात होत्या. १९७२ साली अमेरिकेत ‘मॅग्नाव्हॉक्स ओडिसी’ हे घरगुती खेळयंत्र विक्रीस आले. राल्फ बेअर यांच्या कल्पनेतून निघालेले हे यंत्र पडद्यावर काही पांढरे ठिपके आणि एक रेघ यांखेरीज काहीही काढू शकत नव्हते. टेनिसचे मैदान, भुताटकीचे घर ही सारी दृश्ये पारदर्शक प्लॅस्टिकच्या रंगीत पत्र्यांवर छापलेली असत आणि ते पत्रे दूरचित्रवाणीच्या काचेवर चिकटवावे लागत. दूरचित्रवाणीच्या दोन मापांसाठी ते दोन मापांत दिले जात. पत्रा काढला की खेळ उरत नसे. उरत ते अर्थहीन ठिपके. पुढे १९७८ साली जपानच्या ताइतो कंपनीने काढलेल्या ‘स्पेस इनव्हेडर्स’मध्ये चित्र कृष्णधवल होते; हिरव्या-तांबड्या रंगाचा भास काचेवर लावलेल्या रंगीत पारदर्शक पट्ट्यांनी निर्माण केला जाई. त्याच्या उभ्या पेटीत चित्रनळीतील प्रतिमा अर्धपारदर्शक आरशावरून परावर्तित होऊन मागील चंद्रभूमीच्या रंगविलेल्या चित्रावर तरंगताना दिसे. येथे चित्र कोठे संपते आणि चौकट कोठे सुरू होते हे सांगणे अवघड आहे. १९८२ सालच्या ‘व्हेक्ट्रेक्स’ या यंत्राबरोबरही प्रत्येक खेळाचा स्वतंत्र रंगीत पत्रा येत असे.

आनंदवर्धनाने ध्वन्यालोकात अलंकाराची जी कसोटी सांगितली आहे ती या ठिकाणी आश्चर्यकारक रीतीने लागू पडते. रसात गढलेल्या कवीला ज्यासाठी वेगळा यत्न करावा लागत नाही, तोच अलंकार ध्वनिकाव्यात मान्य होतो, असे त्याचे म्हणणे आहे. स्पेस इनव्हेडर्सच्या रंगीत पट्ट्या हा असा अलंकार होय. तो यंत्राच्या दारिद्र्यातून जन्मला, म्हणून खेळाच्या शरीराचाच भाग झाला. अनुकारक प्रणालीत या पट्ट्या आणि ती चंद्रभूमी यांची प्रतिमा पुन्हा बसविणे हे सजावटीचे काम नाही. तो पाठसंशोधनाचा प्रकार आहे. हस्तलिखिताच्या समासातील मजकूर लेखकाचाच आहे असे सिद्ध झाल्यावर तो संहितेत घेण्यासारखे ते आहे. ‘मेम’ने अशा कलाकृतींना जे स्थान दिले ते याच न्यायाने योग्य ठरते.

पुढील काळातील किनारींची गोष्ट निराळी आहे. रंगीत काचनळ्या आल्या, चित्र स्वतःच्या बळावर उभे राहू लागले आणि पेटीवरील कलाकाम चित्राच्या बाहेर सरकले. काचेभोवतीचा पुठ्ठ्याचा अथवा प्लॅस्टिकचा छापील भाग आता नळीची ओबडधोबड कडा आणि लोखंडी सांगाडा झाकण्याचे काम करी, आणि त्याबरोबर खेळाचे नियम सांगे, पात्रे दाखवी, गिऱ्हाईक बोलावी. नव्या सपाट पडद्याला झाकण्यासारखी ओबडधोबड कडाच नाही. तरीही आजची किनार त्या पुठ्ठ्याचे चित्र दाखविते, त्यावर स्क्रूची डोकी रंगविते, काचेच्या वक्रतेची सावली पाडते. आणि अलीकडील काही छटाप्रणाली तर हलत्या चित्राचे प्रतिबिंब त्या खोट्या प्लॅस्टिकवर क्षणोक्षणी गणित करून उमटवितात. गरज संपली आणि गरजेचे रूप मात्र राहिले.

हे हास्यास्पद ठरविण्याची घाई करण्यापूर्वी लेण्याद्रीच्या चैत्यगृहात मान वर करून पाहावे. गजपृष्ठाकार छताला एकापाठोपाठ एक वक्र फासळ्या आहेत. लाकडी इमारतीत अशा फासळ्या छत तोलून धरतात. येथे त्या डोंगरातून कोरून काढलेल्या दगडाच्या आहेत आणि काहीही तोलीत नाहीत, कारण छत हा डोंगरच आहे. मानमोडीच्या कमानीच्या कडेला लाकडी वाशांची टोके बाहेर आलेली दिसतात, तीही दगडाचीच. पुणे जिल्ह्यातच कार्ले आणि भाजे येथे खरे लाकूड छताला बसविलेले आढळते. जेम्स फर्ग्युसन आणि जेम्स बर्जेस यांनी लेण्यांवरील आपला ग्रंथ १८८० साली प्रसिद्ध केला, त्याच्याही आधीपासून पश्चिम हिंदुस्थानातील शैलगृहे ही लाकडी वास्तूंची पाषाणातील अनुकृती आहे, हे मत अभ्यासकांत रूढ होते. म्हणजे जुन्नरचे कारागीर आजच्या शब्दात सांगायचे तर अनुकरणच करीत होते. एका माध्यमाचे व्यापार ते दुसऱ्या माध्यमात घडवून आणीत होते, आणि पहिल्या माध्यमाच्या निकामी झालेल्या अवयवांना त्यांनी दगडात जागा दिली होती.

परंतु या साम्याचा उपयोग किनारींच्या निःशेष समर्थनासाठी करणे हा उथळपणा होईल. लाकडाची फासळी दगडात आली तेव्हा तिचे प्रयोजन बदलले, हे ध्यानात घेतले पाहिजे. ती छत तोलीनाशी झाली; पण डोळ्याला स्तूपाकडे नेणारा एक ताल तिने धरला. प्रकाश कमी होत जातो त्या क्रमाने फासळ्यांमधील सावल्या दाट होत जातात आणि दृष्टी आपोआप टोकाशी असलेल्या स्तूपावर येऊन थांबते. मर्ढेकरांनी ‘सौंदर्य आणि साहित्य’ या ग्रंथात संवाद, विरोध आणि समतोल या तत्त्वांनी लयीची जी मांडणी केली आहे तिच्या परिभाषेत बोलावयाचे, तर जुने रूप नव्या लयीत सामील झाले. अनुकृती तेथे संपली आणि पाषाणाची स्वतःची भाषा सुरू झाली. आजच्या किनारीने हे साधले आहे काय, हाच तिच्याविषयीचा खरा वाङ्मयीन, किंबहुना सौंदर्यशास्त्रीय, प्रश्न होय.

उत्तर तपशिलात शोधावे लागते. म्हणून किनार कशी बसवितात ते पाहणे निरर्थक नाही. किनार ही एक प्रतिमा असते. तिच्या मधोमध पारदर्शक खिडकी ठेवलेली असते आणि तिच्या जोडीला काही ओळींची एक मजकूर-फाइल असते. कोणती प्रतिमा घ्यावी, ती पूर्ण पडदा व्यापील काय, तिची अपारदर्शकता किती असावी, हे त्या ओळी सांगतात. खेळाचे चित्र कोठून सुरू व्हावे आणि किती रुंद-उंच असावे, याचे आकडे निराळे द्यावे लागतात. खिडकी आणि चित्र यांचे आकडे जुळले नाहीत तर एक तर मध्ये काळी फट दिसते, नाही तर किनार चित्राचा घास घेते आणि कोपऱ्यातील गुणसंख्या अर्धवट झाकली जाते. सुताराने चौकट बसविताना ओळंबा पाहावा तशी ही कामगिरी आहे, आणि तिच्यात हयगय झाली की उत्कृष्ट चित्रकारीही वाया जाते.

येथे मापाचा आणखी एक पेच आहे. जुन्या चित्रातील प्रत्येक बिंदू पूर्णांकाच्या पटीत वाढविला तरच तो काटेकोर राहतो. साडेचारपट केला तर काही बिंदू जाड आणि काही बारीक दिसतात. ‘गेम बॉय’ या हातातील यंत्राचे चित्र १६० गुणिले १४४ बिंदूंचे. ते सातपट केले की ११२० गुणिले १००८ होते, आणि १०८० उंचीच्या पडद्यावर खाली-वर मिळून ७२ बिंदू उरतात. आठपट मात्र मावत नाही. पूर्णांकाची शिस्त पाळायची तर किनार प्रत्येक यंत्रासाठी वेगळ्या मापाची हवी. तयार किनारीत चित्र कोंबायचे तर शिस्त मोडते. पुष्कळ लोक दुसरा मार्ग पत्करतात. मखराच्या मापाने मूर्ती तासण्यासारखे हे आहे.

याउलट, किनारीने चित्राचा थोडा भाग झाकणे हे प्रत्येक वेळी दोषास्पद असतेच असे नाही. जुन्या दूरचित्रवाणीच्या काचेवर चित्राच्या कडा दिसतच नसत. आणि हे ठाऊक असल्यामुळे खेळ रचणारे त्या कडांकडे दुर्लक्ष करीत. १९८८ सालच्या ‘सुपर मारिओ ब्रदर्स ३’मध्ये दृश्य पुढे सरकू लागले की कडेच्या पट्टीत भलतेच रंग चमकतात, काचनळीवर ही चूक बहुधा झाकली जाई. आजच्या पडद्यावर ती ढळढळीत दिसते. अशा वेळी काही बिंदू झाकणारी किनार मूळ अनुभवाला अधिक प्रामाणिक ठरते, आणि कडेपर्यंतचा प्रत्येक बिंदू दाखविण्याचा हट्ट हाच पाठभ्रष्टता निर्माण करतो. संपादकाने लेखकाची खोडलेली ओळ मोठ्या भक्तीने छापावी, तसा हा प्रकार होय.

या सर्व इतिहासात महिरपीची कला स्वतःच्या पायावर उभी राहिली असे एक उदाहरण निश्चित दाखविता येते, आणि ते हौशी लोकांनी नव्हे तर मूळ निर्मात्यांनीच घडविलेले आहे. निन्टेन्डो कंपनीने १९९४ साली ‘सुपर गेम बॉय’ नावाचे उपकरण काढले. हातातील यंत्राचे खेळ त्याच्या योगाने घरातील दूरचित्रवाणीवर खेळता येत. मोठ्या यंत्राचे चित्र २५६ गुणिले २२४ बिंदूंचे आणि गेम बॉयचे १६० गुणिले १४४ बिंदूंचे. म्हणजे उपलब्ध क्षेत्राचा जवळजवळ साठ टक्के भाग किनारीसाठी मोकळा राहिला. कोणती किनार दाखवावी हे सांगण्याची सोय खेळाच्या कॅसेटलाच देण्यात आली होती. त्यामुळे पुष्कळ खेळांच्या कर्त्यांनी खेळाबरोबर किनारही रचली. त्याच वर्षीच्या ‘डाँकी काँग’ या खेळाच्या किनारीत नाण्यावर चालणाऱ्या पेटीचे चित्र आहे. १९८१ साली ज्या पेटीतून डाँकी काँग प्रथम बाहेर आला, तिची ही आठवण. पण ती छायाचित्रासारखी नक्कल नाही. खेळातील चित्रे ज्या ठोकळेबाज, मोजक्या रंगांच्या शैलीत काढलेली आहेत त्याच शैलीत ही पेटी काढलेली आहे. चित्र आणि चौकट एकाच हाताची, एकाच मापाच्या बिंदूंची. लाकडाची फासळी दगडाची झाली तशी येथे पेटी बिंदूंची झाली. आजच्या किनारींतील स्क्रूची डोकी आणि खोटी चकाकी यांच्याशेजारी हे उदाहरण ठेवले म्हणजे उणीव कोठे आहे ते कळते. आतील चित्र २२४ ओळींचे आणि भोवतीची किनार १०८० ओळींच्या बारकाईची, हा विरोध समतोलाकडे जात नाही. डोळा बारकाईकडे ओढला जातो आणि खेळ दरिद्री दिसू लागतो.

या आक्षेपाला घाबरून काही रसिक किनारच नको म्हणतात आणि काळे पट्टे तसेच ठेवतात. त्यांच्या भूमिकेला एक मोठे नाव पाठीशी घेता येईल. कान्टने १७९० सालच्या आपल्या ग्रंथात चित्राची चौकट, पुतळ्यावरील वस्त्र आणि प्रासादाभोवतीची स्तंभावली यांना कलाकृतीच्या अंगभूत नसलेल्या पुरवण्या म्हटले आहे. त्यांचे रूप सुंदर असेल तर त्या आस्वाद वाढवितात, पण सोनेरी मुलाम्यासारख्या केवळ मोहकतेने चित्राची शिफारस करू लागल्या तर त्या खऱ्या सौंदर्याला बाधक होतात, असा त्याचा अभिप्राय. परंतु याच अभिप्रायाचा पूर्वार्ध काळ्या पट्ट्यांच्या पुरस्कर्त्यांच्या विरुद्ध जातो. शिवाय काळा पट्टा म्हणजे चौकटीचा अभाव नव्हे. तीही एक चौकटच, फक्त कोणी न रचलेली. अंधाऱ्या खोलीत ती नाहीशी होते हे तिचे भाग्य. उजेडात तीच काच खोलीचे आणि खेळणाऱ्याच्या तोंडाचे प्रतिबिंब दाखविते, आणि त्याहून विचलित करणारी किनार दुसरी नसेल.

चौकटीवाचून भागते ते कोठे, याचे उत्तर जुन्नरमध्येच तुळजा लेण्यात आहे. तेथील चैत्यगृह वर्तुळाकार असून स्तूपाभोवती बारा अष्टकोनी खांबांचे कडे आहे आणि वर घुमट. येथे चौकट दाराशी नाही. ती आत शिरून प्रदक्षिणेच्या वाटेची मर्यादा झाली आहे. पाहणारा ती ओलांडून वस्तूकडे जात नाही, तिच्या बाजूने चालतो. खेळयंत्राच्या पेटीचेही काहीसे असेच होते. तिच्या बाजूच्या फळ्या, डोक्यावरची नामपट्टी, हाताखालचा दांडा, हे सारे शरीराने अनुभवायचे होते. खेळणारा पेटीत जवळजवळ शिरून उभा राही. सपाट पडद्यावरील किनार या शारीर मर्यादेचे फक्त चित्र दाखवू शकते. ती मर्यादा ती होऊ शकत नाही, आणि तसा आव तिने आणला की ती खोटी वाटू लागते.

आता या विषयातील सर्वांत गंभीर प्रश्नाकडे यावे लागते. किनार कोणाची आठवण सांगते? मूळ पेट्यांवरील छपाई शोधून, तिची चित्रे घेऊन, उडालेले रंग पुन्हा भरून हौशी लोकांनी हजारो किनारी तयार केल्या आहेत आणि त्यांचे आयते संच उपलब्ध आहेत. या श्रमाविषयी आदरच वाटला पाहिजे. पुष्कळ अनामिक चित्रकारांचे व्यापारी कलाकाम त्यांच्यामुळे वाचले. परंतु हे कलाकाम मुख्यतः अमेरिका, जपान आणि युरोप येथील पेट्यांवरचे आहे. महाराष्ट्रातील शहरांतून आणि बाजारगावांतून १९९० च्या दशकात जे व्हिडिओ गेम पार्लर चालत, त्यांतील पेट्यांवर हे कलाकाम क्वचितच असे. प्लायवूडची पेटी स्थानिक सुतार करी, वर सनमायका लागे, आणि आतील बोर्ड बदलला की त्याच पेटीत दुसरा खेळ सुरू होई. कॅपकॉम कंपनीच्या १९९३ सालच्या ‘कॅडिलॅक्स अँड डायनासॉर्स’ या खेळाला येथील मुलांनी त्यातील एका पात्रावरून ‘मुस्तफा’ असे नाव दिले; कित्येकांना मूळ नाव पुढे कधीतरी कळले. त्या खेळाभोवती आज परदेशी पेटीवरील डायनासॉरांचे झगझगीत चित्र लावले जाते, आणि ‘अस्सल’ हे विशेषण त्याला जोडले जाते. ज्याने तो खेळ सनमायकाच्या पेटीत खेळला त्याच्या दृष्टीने ही अस्सलता उसनी आहे. त्याची स्वतःची आठवण तिच्याखाली झाकली जाते, आणि काही वर्षांनी आठवण म्हणून उसनी वस्तूच पुढे येते.

पेटी एक आणि खेळ अनेक, ही स्थिती हलक्या प्रतीची म्हणून सोडून देण्याचे कारण नाही. लेण्याद्रीचे सातवे लेणे हा भिक्षूंसाठी खोदलेला विहार. मोठे, खांबविरहित दालन आणि तीन बाजूंस मिळून वीस खोल्या. आज तो गिरिजात्मजाचे मंदिर म्हणून अष्टविनायकांत पूजिला जातो. चौकट तीच राहिली, आतील दैवत बदलले. तेथे जाणाऱ्या भाविकाला ती चौकट परकी वाटत नाही, आणि अभ्यासकालाही तिच्यातील खोल्या पुसून टाकाव्यात असे वाटत नाही. याच भागात उलट उदाहरणही आहे. मूळ आंबेगाव डिंभे धरणाच्या जलाशयात गेले, आणि तालुक्याचे नाव मात्र आंबेगावच राहिले. कारभार घोडेगावातून चालतो. आतील वस्तू गेल्यावरही चौकट तिचे नाव धरून ठेवते. अनुकृत खेळांच्या किनारीकडून एवढेच मागणे आहे की, ती कोणत्या गावाचे नाव धरून आहे हे तिने लपवू नये.

या दृष्टीने पाहता सनमायकाच्या पेटीची किनार कोणी अद्याप गंभीरपणे रचलेली दिसत नाही, हे खेदजनक आहे. तीत पाहण्यासारखे काय, असा आक्षेप येईल. परंतु फिकट तपकिरी फळी, झिजलेली कड आणि चित्राकडे जाणारा अंधार, एवढ्यावर उत्तम महिरप होऊ शकते. आणि आतील चित्राच्या तेजाशी तिची स्पर्धाही होणार नाही. मंद रंगांचा एक व्यावहारिक लाभही आहे. ज्या पडद्यांत प्रत्येक बिंदू स्वतः प्रकाशतो अशा ओएलईडी पडद्यांवर एकच ठळक किनार तासन्‌तास राहिली तर तिचा डाग कायमचा उमटण्याचा संभव असतो. झगझगीत किनार अशा रीतीने अक्षरशः पडद्यात कोरली जाते. शिलालेखाची हौस असणाऱ्यांनीही अशी कोरणी इच्छू नये.

मानमोडीच्या कमानीविषयी एक आक्षेप येथे नोंदविला पाहिजे. कार्ल्याच्या चैत्यगृहात कमानीची खिडकी मोकळी आहे आणि तिच्यातून आलेला प्रकाश आत स्तूपापर्यंत पोचतो. मानमोडीत कमानीच्या पोटात लक्ष्मी आणि हत्ती आले, आणि प्रकाशाची जागा शिल्पाने घेतली. शिल्प उत्कृष्ट आहे, यात शंका नाही. पण खिडकीच अलंकाराने भरली गेली, ही गोष्ट उरते. आजच्या किनारींत हीच प्रवृत्ती ठळक आहे. वरची नामपट्टी, खालचे दांडे, बाजूचे वीर आणि राक्षस यांना जागा करून देण्यासाठी खेळाचे चित्र लहान केले जाते. क्वचित ते पडद्याच्या तृतीयांशावर येते. अशा रचनेत खेळाचे चित्र हे किनारीच्या प्रदर्शनाचे निमित्त ठरते. चंदाचे दान निदान प्रामाणिक होते. त्याने दार दिले आणि दार दिले असेच लिहिले.

उभ्या काचनळीच्या खेळांपुरता एक वेगळा मार्ग काही जाणकार अवलंबितात. ते पडदाच नव्वद अंशांत फिरवितात. मग १०८० बिंदूंची पूर्ण रुंदी चित्राला मिळते, चित्राची उंची १४४० होते, आणि उरलेले ४८० बिंदू बाजूंना न पडता वर आणि खाली पडतात. वर नामपट्टीची जागा, खाली सूचनांची. मूळ पेटीतही त्या तेथेच असत.